नवव्या पुलावरची हाक

शिकाऊ गाडी भर रस्त्यात गचकन थांबली, आणि या खेपेला चूक शिकणाऱ्याची नव्हती. ब्रेक दाबला होता तो शेजारी बसलेल्या ताईने. ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीत शिकवणाऱ्याच्या पायाखालीही एक ब्रेक असतो. ताई तो शक्यतो वापरायची नाही. सारखा वापरला की शिकणाऱ्याचा धीर सुटतो, असं तिचं म्हणणं. त्यामुळे स्टिअरिंगवर बसलेल्या दातांच्या डॉक्टरीणबाईंच्या तोंडचं पाणीच पळालं.

"माझं काय चुकलं?" त्यांनी विचारलं.

"काही नाही. छान चालवत होतात."

"मग कुणी आडवं आलं का?"

"तसंच समजा," ताई म्हणाली. मागे हॉर्नचा कल्लोळ सुरू झाला होता. "गाडी कडेला घ्या आणि बंद करा. आलेच मी."

आडवं आलं होतं ते पुस्तकांच्या दुकानाच्या काचेवर लावलेलं एक पोस्टर. राखाडी धुक्यात अर्धा बुडालेला दगडी पूल, पुलाच्या मधोमध हातात दिवा घेतलेली एक पाठमोरी बाई, आणि वर ठसठशीत अक्षरांत: 'नऊ पुलांचं राज्य. भाग चौथा. येत्या शनिवारी.' ताई काचेला नाक लावून उभी राहिली. चाळिशी उलटलेली बाई, अंगात ड्रायव्हिंग स्कूलचं पिवळं जाकीट, आणि डोळे भरून आलेले. दुकानदाराने आतून पाहिलं आणि 'आत या की' अशी खूण केली. तिने नुसती मान हलवली. चित्रातल्या बाईचे केस पिकलेले होते. दिवेवालीचे केस! तिसऱ्या भागाच्या शेवटच्या पानावर ती जेमतेम सोळा वर्षांची होती.

ताई गाडीत येऊन बसली तशी डॉक्टरीणबाईंनी भीतभीत विचारलं, "सगळं ठीक ना?"

"माझी एक जुनी मैत्रीण परत येतेय," ताई म्हणाली. "चला, पहिला गिअर टाका."

ताई खरं म्हणजे एकट्या ढब्याची ताई. ढब्या हा तिचा धाकटा भाऊ. लहानपणी गोलमटोल होता म्हणून ढब्या, आणि आता वाळून काठी झाला तरी ढब्याच. तो ताई म्हणायचा म्हणून गल्ली म्हणायला लागली, आणि पुढे गाडी शिकायला येणारे सगळेच. त्यातले निम्मे तिच्याहून वयाने मोठे असायचे, पण गिअर अडकला की तेही 'ताई, ताई' करायचे.

ती दहा-अकरा वर्षांची असताना आई आजारी पडली. आई बसस्थानकावर घोषणा करायची. कुठली गाडी कुठल्या फलाटाला लागली, कुठली उशिरा सुटणार, कुणाची पिशवी चौकशी खिडकीपाशी सापडली, सगळं त्या स्वच्छ, ठाम आवाजात. शाळा सुटली की दोघं भावंडं मुद्दाम स्थानकाच्या भिंतीकडून यायची. आईचा आवाज कानावर पडला की अर्धं घर तिथेच आल्यासारखं वाटायचं. मग तिचा खोकला बळावला, फुप्फुसांत काहीतरी निघालं आणि तिला गावाबाहेरच्या टेकडीवरच्या इस्पितळात ठेवलं. लहान मुलांना तिथे मज्जाव होता. आईला बोलायचीही मनाई होती. स्थानकावर दुसऱ्याच कुणी बाई घोषणा करू लागल्या. तो परका आवाज पहिल्यांदा ऐकला तेव्हा ढब्याने दोन्ही कान दाबून धरले आणि पळत सुटला. त्यानंतर दोघं लांबच्या रस्त्याने घरी यायची.

घर सांभाळायला आत्या आली. आत्या प्रेमळ होती, पण तिचं सगळं प्रेम साबण आणि स्वच्छ टॉवेलांतून बाहेर पडायचं. बाबा लिफ्ट दुरुस्त करायचे. सकाळी हत्यारांची पेटी घेऊन निघायचे आणि संध्याकाळी ग्रीसच्या वासासकट परत यायचे. मुलांशी काय बोलावं हे त्यांना उमगतच नसे. 'जेवलात का' आणि 'आई बरी आहे' यापुढे त्यांचं घोडं सरकायचं नाही.

अशात एकदा वाचनालयाची लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकली. बाबांनी ती सोडवली. ग्रंथपालबाईंनी त्यांना पाणी दिलं, घरची विचारपूस केली आणि जाताना त्यांच्या पेटीवर एक जाडजूड पुस्तक ठेवलं.

"मुलांना वाचून दाखवा," त्या म्हणाल्या. "आवडलं तर पुढचे दोन भाग आहेत."

बाबांनी तोवर वर्तमानपत्राखेरीज काही वाचलं नव्हतं. सुरुवातीला ते ओळीखाली बोट धरून वाचत. नऊ पुलांच्या देशात रोज संध्याकाळी पुलांवरचे दिवे लावत फिरणारी एक मुलगी होती. दिवे लागले की धुकं मागे हटायचं. एक जरी विझला की पुढे सरकायचं. तिची आई पहिल्याच प्रकरणात त्या धुक्यात हरवलेली. सोबतीला एक एकडोळ्या नावाडी आणि एक मुका, महाहट्टी राक्षस. हळूहळू बाबांना सूर सापडला. राक्षस मुका असला तरी बाबांनी त्याला स्वतःच्या घशातून एक घरघर बहाल केली. आत्या स्वयंपाकघरातून ओरडायची, "पोरांना भिववू नकोस रे!" आणि ओला हात पुसत दाराशी येऊन स्वतःच कान टवकारून उभी राहायची.

तिन्ही भाग संपले. तिसऱ्याचा शेवट असा होता: नवव्या पुलावरचा दिवा विझलाय, दिवेवाली पुलाच्या मधोमध एकटी, धुकं गुडघ्यापर्यंत चढलंय, आणि पलीकडच्या टोकावरून कुणीतरी तिला हाक मारतं. तिच्या लाडक्या नावाने. ते नाव तिच्या आईखेरीज कुणी घेत नसे. बस्स, संपलं पुस्तक.

"पुढे?" ढब्याने विचारलं.

"पुढचं अजून लिहिलेलं नाही."

"असं कसं? ती उभीच आहे ना तिथे!"

ग्रंथपालबाईंनाही विचारून पाहिलं. लेखिका लिहील तेव्हा लिहील. ढब्याने जेवताना तोंड फुगवून बसायला सुरुवात केली. आत्याने हात टेकले. मग एका संध्याकाळी बाबा हातपाय धुऊन आपल्या खुर्चीत बसले, रिकामे हात मांडीवर ठेवले आणि घसा खाकरला.

"चौथा भाग. ऐकायचाय ना?"

"पुस्तक कुठाय?" ताईने विचारलं.

"पुस्तक नाहीये. हा तोंडी आहे."

बाबांच्या चौथ्या भागात हाक मारणारी दिवेवालीची आईच निघाली. दिवेवाली धावत पलीकडे गेली. आई एका उंच मनोऱ्याच्या खिडकीत होती आणि मनोऱ्याला जिनाच नव्हता. होती फक्त एक चढती खोली. ती वर जाताना तिच्याच वजनाचा एक दगड भिंतीच्या आतून खाली यायचा, आणि नेमका तो दगड कुणीतरी पळवलेला. आता दगडाच्या जागी लटकवायचं काय? राक्षसाला विचारलं, तर त्याने घरघर करून पाठ फिरवली. मनोऱ्याच्या दाराशी एक पहारेकरीण होती. ती आत येणाऱ्या प्रत्येकाला आधी पाय धुवायला लावायची.

"हे माझ्यावर आहे का रे?" आत्याने दारातून विचारलं होतं.

"छे छे," बाबा म्हणाले. "ही बरीच जाडी आहे."

गोष्ट संध्याकाळमागून संध्याकाळ लांबत गेली. त्यात कुणी मरायचं नाही. जखमी व्हायचे, बेशुद्ध पडायचे, दुसऱ्या दिवशी बाबा कामावरून आले की उठून बसायचे.

आणि एका दुपारी शाळेतून आल्यावर बघतात तर आई दारात उभी. अंगावर मूठभर मांस नाही, आवाज पार बसलेला, पण उभी. त्या संध्याकाळी कुणी गोष्ट मागितली नाही. त्यानंतरही नाही. आत्या तिच्या घरी गेली, मुलं पुन्हा बाहेर खेळायला लागली, पुढे आईचा आवाज परत आला आणि ती स्थानकावरही रुजू झाली. चढती खोली मनोऱ्याच्या मधल्या मध्ये लटकत राहिली, ते कुणाच्या लक्षातसुद्धा आलं नाही.

मोठी झाल्यावर ताईने तिन्ही भाग स्वतःसाठी विकत घेतले. अधूनमधून ती पहिला उघडायची आणि मग तिसरा संपेपर्यंत तिचा जीव थाऱ्यावर नसायचा. लेखिकेबद्दल काहीबाही कानावर यायचं: ती आजारी आहे, तिने लिहिणं सोडलंय, चौथा भाग लिहून जाळून टाकलाय. नवरा चिडवायचा, "अगं, दुसरी पुस्तकं नाहीत का जगात?" दुसरी होती, तिने वाचलीही होती. पण त्यांच्यात कुणी पुलावर उभं नव्हतं. आणि खरं सांगायचं तर पान उलटताना तिला अजून ग्रीसचा वास यायचा. पुढे काय होतं हे कळण्यापेक्षाही तिला हवं होतं ते दिवेलागणीला कुणीतरी पुढचं पान उलटणं, ढब्याचं डोकं आपल्या खांद्यावर असणं, आणि 'उद्या पुढचं' असं म्हणत कुणीतरी उठणं. ते काही दुकानात मिळत नव्हतं. पण चौथा भाग आला तर त्याच्या मागोमाग तेही येईल, अशी एक वेडी आशा तिने बाळगली होती. बोलून मात्र कुणाला दाखवली नव्हती.

त्या दिवशी डॉक्टरीणबाईंना घरी सोडल्या सोडल्या तिने ढब्याला फोन लावला. ढब्या दुसऱ्या शहरात एका मोठ्या हॉस्टेलच्या भटारखान्यात आचारी होता. मागे पातेल्यांचा दणदणाट चालू होता.

"ढब्या, चौथा भाग येतोय."

दणदणाट थांबला. बहुधा तो झाकण हातात धरून बाहेर आला असावा.

"हाक कुणी मारली?" त्याने पहिलं तेच विचारलं.

"अरे, अजून यायचंय पुस्तक! शनिवारी."

"मी येईपर्यंत पान उघडलंस तर बघ. आणि ताई, रजा मागताना सांगू काय?"

"सांग, लहानपणी हरवलेलं माणूस सापडलंय."

शनिवारी सकाळी दुकान उघडायच्या आधीच बाहेर रांग लागलेली होती. ढब्याला घेऊन आलेल्या ताईला वाटलं होतं पोरासोरांची गर्दी असेल. पण रांगेत बहुतेक सगळे पिकल्या केसांचे, सुटलेल्या पोटाचे, चष्मे कपाळावर चढवलेले. गणवेशातला एक पोस्टमन टपालाची थैली खांद्याला अडकवूनच उभा होता. इस्पितळातली एक नर्स पाळी संपवून थेट आली होती. एका गृहस्थांनी तिसरा भाग छातीशी धरला होता. त्या पुस्तकाची पाठ निखळून चिकटपट्टीवर आली होती. कुणी कुणाला ओळखत नव्हतं आणि तरी सगळे एकाच वर्गात शिकल्यासारखे बोलत होते. विषय अर्थातच एक.

"नावाडीच असणार," पोस्टमन म्हणाला. "पहिल्या भागात ती झोपेत बडबडते तेव्हा तो जागा असतो. त्याने नाव ऐकलेलं आहे."

"मला वाटतं, तिची तिनेच स्वतःला हाक मारली," नर्स म्हणाली. "माणूस फार दमलं ना, की मारतं."

पुढे एक चष्मेवाला तरुण होता. रांगेतला सगळ्यात लहान तोच. तो मागे वळून म्हणाला, "धुक्याची हाक आहे ती. दुसऱ्या भागात धुकं आवाज चोरतं. नावाड्याला त्याच्या मेलेल्या भावाच्या आवाजात बोलावतं, विसरलात का?"

पोस्टमनने थैली एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर घेतली.

"तुम्ही फार घाईत वाचलेलं दिसतंय," ढब्या म्हणाला.

"सहा वेळा वाचलंय, काका."

"मग सातव्यांदा वाचा. ती तिची आई होती."

"असं कुठे लिहिलंय?"

ढब्याने तोंड उघडलं आणि ताईकडे पाहिलं. ताईने पायातल्या चपलेकडे पाहिलं. कुठेच लिहिलेलं नव्हतं. नावाड्याच्या भावाचं ते पान ताईनेही किती वेळा वाचलं होतं, पण त्या पानाचा आणि शेवटच्या हाकेचा काही संबंध असेल, असं तिच्या कधी मनातही आलं नव्हतं.

पुस्तक पिशवीत घालून दोघं आईबाबांकडे गेली. रस्त्यात ढब्याने पिशवी स्वतःच्या हातात घेतली. म्हणाला, "तुझा भरवसा नाही."

आई टेबलाशी मटार सोलत होती. बाबा खिडकीजवळच्या खुर्चीत. लिफ्टच्या मोटारींनी त्यांचं ऐकणं बरंच कमी झालं होतं. त्यांच्याशी बोलायचं तर सगळ्या जिन्याला ऐकू जायचं. ताईने पुस्तक त्यांच्या मांडीवर ठेवलं. त्यांनी ते हातात तोललं, एखादा सुटा भाग तोलावा तसं.

"एवढी वर्षं काय करत होती ही बाई?"

"लिहीत होती, बाबा," ढब्या ओरडून म्हणाला.

"मी रोज संध्याकाळी एक प्रकरण काढत होतो. तेसुद्धा कामावरून येऊन."

आईचा हात शेंगेवर थांबला. "तुम्ही? तुम्ही कसलं प्रकरण काढत होतात?"

ताई आणि ढब्याने एकमेकांकडे पाहिलं. आईला तीन भाग माहीत होते. मुलांना ते नवऱ्याने वाचून दाखवले, हे आत्याने तिला सांगितलं होतं, आणि तिने स्वतःही ते नंतर वाचले होते. पण तोंडी चौथ्या भागाबद्दल तिच्याशी कुणीच कधी बोललं नव्हतं. लपवलं होतं असंही नाही. ती घरी आली आणि सांगण्यासारखं काही उरलं नाही, इतकंच.

"म्हणजे सगळं घर एका गोष्टीत राहत होतं," आई म्हणाली, "आणि मला पत्ताच नाही." ती हसत होती, पण शेंग मात्र तिने जरा जोरातच फोडली.

"तुला नंतर सांगतो," बाबा पुटपुटले. "आधी या बाईचं ऐकू. वाच गं."

ताईने पहिलं प्रकरण काढलं. ढब्या जमिनीवर बसला, पाठ कपाटाला टेकवून. ती मोठ्याने वाचायला लागली, बाबांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने. पहिल्याच ओळीत तोच पूल होता, तेच गुडघ्याएवढं धुकं, जणू पुस्तक मिटलं तेव्हापासून कुणी पापणीही लववली नव्हती. हाक पुन्हा आली. दिवेवालीने एक पाऊल पुढे टाकलं. मग ती थबकली. तिची आई हाक मारायची तेव्हा नावाच्या शेवटी तिला किंचित दम लागायचा. या हाकेला दम लागत नव्हता. जो श्वासच घेत नाही, त्याला दम कुठून लागणार?

ताई मोठ्याने वाचायची थांबली. ती पुढच्या ओळी नुसत्या डोळ्यांनी वाचत राहिली.

"काय झालं?" ढब्या म्हणाला. "वाच ना."

"धुकं आहे," ती म्हणाली.

"काय?"

"तो चष्मेवाला म्हणाला तेच. आई नाहीये ती. आईचा आवाज आहे नुसता."

ढब्या उठून उभाच राहिला. चाळिशीचा बाप्या, पण चेहरा पार सात वर्षांच्या पोराचा झाला होता. "काहीतरीच! एवढी वर्षं वाट बघायला लावली आणि हे? काही अर्थ आहे का? त्या बाईला काही काळीज आहे की नाही?"

"खाली बस," बाबा म्हणाले. "बरोबर लिहिलंय तिने."

"बाबा!"

"अरे, मला तेव्हाच ठाऊक होतं."

आता तिघंही त्यांच्याकडे बघायला लागले. बाबांना इतकं बोलायची सवय नव्हती. ते पुस्तकाकडे बघत बोलले.

"तुम्हाला वाचून दाखवायच्या आधी मी एकदा वाचून ठेवायचो. दुपारी, लिफ्टच्या मोटारीच्या खोलीत बसून. तुमच्यासमोर अडखळायला नको म्हणून. दुसऱ्या भागात ते नावाड्याच्या भावाचं आलं तेव्हाच मी समजलो, ही बाई पुढे कुणाचा तरी आवाज काढणार. तिसऱ्याचा शेवट वाचला आणि खात्रीच पटली. म्हटलं, चौथ्या भागात ही पोरगी मागे फिरणार, आई काही परत यायची नाही." ते जरा थांबले. "आता हे मी या दोघांना सांगू? हा पोरगा स्थानकावरच्या घोषणा ऐकू येऊ नयेत म्हणून लांबून घरी यायचा. तुम्हाला वाटायचं, मला माहीत नाही. आत्याने सांगितलं होतं. म्हटलं, बाईला लिहायचं ते लिहू दे. आपल्या घरात हाक मारणारी आईच."

ढब्या हळूच पुन्हा खाली बसला. ताईला एकदम ती लिफ्टची खोली दिसली, जिथे ती कधी गेलीही नव्हती. मोटार गुरगुरतेय आणि खोक्यावर बसून एक माणूस राक्षसांची गोष्ट ओठ हलवत वाचतोय.

आईने सोललेले दाणे एका बाजूला सारले. "आणि मी आलेच नसते तर?"

"तर गोष्ट चालू ठेवली असती," बाबा म्हणाले.

"किती दिवस?"

"जमलं असतं तितके."

आई उठली, स्वयंपाकघरात गेली, तिथे नळ उगाचच सोडला आणि बंद केला. परत आली तेव्हा तिने आपली खुर्ची ओढून बाबांच्या चांगल्या कानाशी नेली.

"ते पुस्तक ठेव बाजूला," ती ताईला म्हणाली. "इतकी वर्षं थांबलंय, आणखी थोडं थांबेल. अहो, मला तुमचा चौथा भाग सांगा. पहिल्यापासून."

"आता कुठलं आठवायला!"

"यांना आठवेल की."

आणि मग ती दुपार त्यातच गेली. बाबा सुरुवात करायचे, अडायचे, मुलं पुढे ढकलायची. मनोऱ्याला खिडक्या किती यावरून ताई आणि ढब्याचं कडाक्याचं भांडण झालं. दगड चोरणारा कोण होता हे तिघांनी तीन वेगवेगळं सांगितलं. राक्षसाची घरघर बाबांनी अशी काही काढली की शेजारचे दार उघडून बघायला आले. पहारेकरणीच्या पाय धुण्यावर आई इतकी हसली की तिला ठसका लागला, आणि तिघंही बोलायचे थांबून तिच्याकडे बघायला लागले.

"साधा ठसका आहे," ती डोळे पुसत म्हणाली. "असे बघू नका माझ्याकडे. हं, मग? खोली वर जाते का शेवटी?"

"शेवट नाहीये," ढब्या म्हणाला.

"का?"

"तू आलीस ना."

ढब्या दुसऱ्या दिवशी परत गेला. जाताना त्याने स्वतःसाठी एक प्रत घेतली. म्हणाला, राग आलाय तरी वाचणार. पुढच्या आठवड्यात त्याचा फोन आला. त्याचा सूर बदललेला होता. "ताई, ती पुलावरून हललीच नाही. दिवा पुन्हा लावला आणि तिथेच राहिली, एवढी वर्षं. म्हणून केस पिकलेत तिचे."

"पुढचं सांगू नकोस!" ताई ओरडली आणि तिने फोन ठेवून दिला. कारण इकडे दर रविवारी दुपारी एकच प्रकरण, असं ठरलं होतं. ताईने वाचायचं, आईबाबांनी ऐकायचं.

एका रविवारी ताईला उशीर झाला. डॉक्टरीणबाईंची परीक्षा जवळ आली होती आणि गाडी उलटी घेऊन लावणं त्यांना काही केल्या जमत नव्हतं. ताई धापा टाकत जिना चढत होती तेव्हा वरून तिला आवाज ऐकू आला. स्वच्छ, ठाम. तिचे पाय आपोआप मंदावले.

"आठव्या पुलावरील सैन्य लवकरच निघत आहे," तो आवाज म्हणत होता, निदान ताईला तरी तसंच ऐकू आलं. लढाईचं वर्णन चालू होतं, पण आई ते अशा थाटात वाचत होती की फलाटावरचे प्रवासी आता सामान उचलायला लागतील.

ताईने दार ढकललं. बाबा कानामागे हात धरून बसले होते. पुस्तक आईच्या हातात, आणि बरंच पुढे उघडलेलं.

"माझ्याशिवाय?" ताई दारातच उभी राहिली. तिला खरंच राग आला आणि त्याचं तिलाच हसू आलं. "किती वाचलंत?"

"तीन प्रकरणं," आई म्हणाली. तिच्या चेहऱ्यावर अपराधाचा लवलेश नव्हता. "यांना दम निघेना."

"मी काही म्हटलं नाही," बाबा म्हणाले. "हीच कालपासून घेऊन बसलीय."

"मला काहीच माहीत नाही मग! राक्षस कुठाय? नावाडी आला का परत?"

"चपला काढ आधी. बस. कुठवर आलंय ते मी सांगते तुला." आईने पानात बोट घालून पुस्तक मिटलं. "तर नावाडी आला. पण आता म्हातारा झालाय, ऐकू कमी येतं त्याला, आणि कबूल करत नाही."

"असं काही नाहीये पुस्तकात," बाबा म्हणाले.

"आहे."

"कुठल्या पानावर?"

"तुम्ही गप्प बसा हो," आई म्हणाली. "हं, ऐक. तो येतो, आणि ही पुलावरून त्याला बघते, आणि पहिलं काय म्हणते ठाऊक आहे?"

"काय?" ताईने विचारलं, आणि ती जमिनीवर बसली, पाठ कपाटाला टेकवून.